पाच रंगांचा व्यवहार

तुमच्या घरात दहा-बारा वर्षांचं मूल असेल, तर ‘मॅजिक : द गॅदरिंग’चे पत्ते कधीतरी सोफ्याखाली सापडले असतील. रिचर्ड गारफील्ड या गणितज्ञाने तयार केलेला हा खेळ १९९३ साली बाजारात आला. मुलं हे पत्ते खेळतात, जमवतात आणि एकमेकांशी बदलतात. आपण त्याला पोरखेळ म्हणतो. पण या खेळाच्या कल्पित जगाला स्वतःचं एक तत्त्वज्ञान आहे आणि ते मोठ्यांनीही विचारात घ्यावं असं आहे.

या जगात पाच रंग आहेत. पांढऱ्याला शांतता हवी, ती नियमांतून येते असं तो मानतो. निळ्याला परिपूर्णता हवी, तिचा मार्ग ज्ञान. काळ्याला सामर्थ्य हवं. संधी दिसली की घ्यावी, आपलं हित आपणच पाहावं, हे त्याचं म्हणणं. तांबड्याला स्वातंत्र्य हवं, मनात येईल ते करून टाकण्याचं. हिरवा म्हणतो, जे जसं आहे तसं स्वीकारा, वाढ आपोआप होते. हे पाच रंग वर्तुळात मांडलेले असतात. प्रत्येकाचे दोन शेजारी त्याचे मित्र, समोरचे दोन विरोधक. गंमत म्हणजे यातला कुठलाच रंग मुळात दुष्ट नाही. पांढरा जुलमी होऊ शकतो आणि काळा दिलेला शब्द पाळू शकतो.

आता हे रंग एका सौद्याला लावून पाहू. समजा, नऊ वर्षांच्या मुलाला पाकिटात एक दुर्मिळ पत्ता मिळाला. तेरा वर्षांच्या मुलाने फोनवर त्याची किंमत पाहिली आणि बदल्यात तीन चमकदार ड्रॅगन देऊ केले. धाकटा आनंदाने ‘हो’ म्हणाला. यात काही चुकलं का?

पांढरा म्हणेल, किंमत दोघांनाही कळली पाहिजे, तसा नियमच करा. निळा म्हणेल, मी शोधून काढलेली माहिती फुकट का वाटू? काळा म्हणेल, मी जबरदस्ती केली नाही, मान त्याने डोलावली. तांबडा म्हणेल, त्याला ड्रॅगन आवडले ना, मग बाजारभाव कोण विचारतो! आणि हिरवा म्हणेल, उद्या हीच मुलं पुन्हा एकत्र खेळणार आहेत, तेवढं लक्षात ठेवा.

हा वाद नवा नाही. दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वी सिसेरोने असाच एक प्रश्न मांडला. ऱ्होड्स बेटावर दुष्काळ आहे. एक व्यापारी अलेक्झांड्रियाहून धान्य घेऊन पोचतो. मागून आणखी जहाजं येत आहेत, हे फक्त त्याला माहीत आहे. त्याने ते सांगावं, की गप्प राहून चढा भाव घ्यावा? डायोजिनीस या स्टोइक तत्त्वज्ञाच्या मते कायद्याने जे सांगायला हवं तेवढं सांगितलं की पुरे. त्याचा शिष्य अँटिपेटर म्हणतो, सगळंच सांगायला हवं. सिसेरोने कौल अँटिपेटरच्या बाजूने दिला.

मलाही तो पटतो, पण एक पुस्ती जोडून. माहितीचा मोबदला घेणं वेगळं आणि समोरच्याच्या अज्ञानावर नफा काढणं वेगळं. गाडीतला बिघाड ओळखणारा मेकॅनिक त्या ज्ञानाचेच पैसे घेतो आणि ते आपण समजून-उमजून देतो. म्हणून कसोटी अशी : मला ठाऊक असलेलं सगळं सौद्यानंतर समोरच्याला कळलं, तर तो काय म्हणेल? धाकट्याला खरी किंमत कळूनही ड्रॅगनच हवे असतील, तर तांबडा जिंकला आणि सौदा चोख. पण त्याचा चेहरा उतरणार असेल, तर त्याच्या होकाराला फारसा अर्थ नव्हता.

पाच रंगांच्या तत्त्वज्ञानाची मर्यादा इथे दिसते. माणूस तसा का वागला हे रंग सांगतात. तो बरोबर वागला का, हे नाही. ‘माझा रंगच असा’ हे स्पष्टीकरण झालं, समर्थन नव्हे. खुद्द या खेळाच्या कंपनीलाही समोरच्याच्या नजरेतून पाहणं चुकलं नाही. या जगात काळा म्हणजे महत्त्वाकांक्षा, त्वचेचा रंग नव्हे. तरीही जून २०२० मध्ये कंपनीने सात पत्ते वंशद्वेषी ठरवून अधिकृत स्पर्धांतून काढून टाकले. त्यांतल्या ‘क्लेन्झ’ या पत्त्याचं काम होतं सगळ्या काळ्या प्राण्यांचा नाश करणं. दुसऱ्या एका पत्त्याच्या नावात ‘प्रदेश’ हा आपला शब्द ‘जिप्सी’ या शब्दाला जोडलेला होता. खेळाच्या नियमांत सगळं बसत होतं. पत्ता हातात घेऊन वाचणाऱ्याला काय वाटतं, हे नियमांत बसत नव्हतं.

मराठीत ‘व्यवहार’ म्हणजे देवघेव आणि ‘व्यवहार’ म्हणजे वागणूकही. ‘व्यवहारी माणूस’ हे आपण कधी कौतुकाने म्हणतो, कधी नाक मुरडून. परदेशात हे दोन अर्थ फार जवळ येतात. ऑगस्टमध्ये नवा विद्यार्थी येतो. त्याला खोली हवी असते, जुनी गाडी हवी असते, आणि तो दुकानदाराऐवजी आपल्याकडे येतो, कारण आपण मराठी बोलतो. गाडीचा गिअरबॉक्स कुरकुरतो हे आपल्याला माहीत असतं. त्याला तो प्रश्न विचारायचा असतो हेसुद्धा माहीत नसतं. ‘आपला माणूस’ या दोन शब्दांवर विसंबून तो घासाघीसही करत नाही. अशा वेळी आपण गाडीबरोबर त्याचा विश्वासही विकत असतो, आणि तो आपल्या एकट्याच्या मालकीचा नसतो. तो आपल्याआधी इथे आलेल्या कितीतरी जणांनी जमवलेला असतो.

म्हणून पुढच्या वेळी मुलं पत्ते बदलत बसली, की किंमतीत लगेच पडू नका. थोरल्याला एवढंच विचारा : तुला जे माहीत आहे, ते त्याला सांगून हाच सौदा करशील का? आणि गाडी विकायला काढाल, तेव्हा हाच प्रश्न स्वतःलाही विचारा.