वासरू कोणाचे?

आयर्लंडच्या वायव्येला स्लायगो हे बंदराचे गाव आहे. तिथून उत्तरेकडे निघाले की सपाट माथ्याचा बेन बल्बेन दिसू लागतो. सह्याद्रीत वाढलेल्या माणसाला तो ओळखीचा वाटावा. त्याच्या पायथ्याशी ड्रमक्लिफ आहे आणि शेजारीच कूलड्रमन. इ. स. ५६१च्या सुमारास तिथे एक लढाई झाली. ती झाली याबद्दल इतिहासकारांना शंका नाही. ती का झाली, याची सविस्तर गोष्ट मात्र जवळजवळ हजार वर्षांनी, मॅनस ओ'डॉनेल या सरदाराने १५३२ साली सिद्ध केलेल्या संतचरित्रात वाचायला मिळते.

गोष्ट अशी. संत कोलम्बा आपले गुरू फिनियन यांच्याकडे राहिलेला असताना त्याने त्यांच्या स्तोत्रांच्या पोथीची नक्कल केली. रात्री जागून केली आणि न विचारता केली. फिनियन यांना कळल्यावर त्यांनी ती नक्कल मागितली. कोलम्बा देईना. नक्कल केल्याने गुरूंच्या पोथीचे काहीच बिघडलेले नाही, आणि त्यातले देवाचे शब्द एका पेटीत पडून राहणे बरे नव्हे, असे त्याचे म्हणणे. वाद राजा डिअर्मॅटपुढे गेला. राजाने निवाडा केला तो गोठ्यातला दाखला देऊन: गाय ज्याची, वासरू त्याचे, तशी पोथी ज्याची, नक्कल त्याची. कोलम्बा मोठ्या घराण्यातला. त्याचे भाऊबंद उठले आणि कूलड्रमनला राजाचा पराभव झाला. हजारो माणसे पडली असे आख्यायिका सांगते. कोलम्बाच्या आश्रयाला आलेल्या एका राजपुत्राला राजाने ओढून नेऊन मारले, हेही लढाईचे कारण सांगितले जाते आणि मला तेच अधिक पटते. तरीही लोकांच्या स्मरणात वासराचा निवाडाच राहिला. ५६३ साली कोलम्बा आयर्लंड सोडून स्कॉटलंडजवळच्या आयोना बेटावर गेला.

या निवाड्यात लेखकाचा उल्लेखच नाही, ही गोष्ट नीट पाहण्यासारखी आहे. स्तोत्रे फिनियन यांनी रचलेली नव्हती. परंपरा ती दाविद राजाची मानते, लॅटिनमध्ये ती इतरांनी आणली. फिनियन यांच्याकडे होती ती फक्त एक पोथी, म्हणजे वस्तू. राजाने त्या वस्तूच्या मालकाला तिच्यातल्या शब्दांचाही मालक केले. त्यानंतर चौदाशे वर्षांनी फाइल वाटणाऱ्या सेवांवर जे खटले झाले, त्यांतल्या पुष्कळांमध्ये मला हाच निवाडा दिसतो. लेखकाच्या, गायकाच्या नावाने बोलले जाते आणि फिर्यादी असतात त्या वितरक कंपन्या.

आयर्लंडमध्येच पाहा. ईएमआय, सोनी, युनिव्हर्सल आणि वॉर्नर या कंपन्यांनी तिथल्या सर्वांत मोठ्या इंटरनेट कंपनीवर, एअरकॉमवर, दावा लावला. २००९च्या जानेवारीत तडजोड झाली आणि त्याच सप्टेंबरपासून एअरकॉमच्या ग्राहकांना ‘पायरेट बे’ हे फाइल वाटपाचे संकेतस्थळ दिसेनासे झाले. दुसऱ्या एका कंपनीने तडजोड नाकारली. त्या खटल्यात न्यायमूर्ती पीटर चार्ल्टन यांनी २०१०च्या ऑक्टोबरमध्ये निकाल दिला, की संगीत कंपन्यांचे नुकसान होते आहे हे खरे, पण संकेतस्थळ बंद करायला लावण्याचा अधिकार आयरिश कायद्याने न्यायालयाला दिलेलाच नाही. २०१२मध्ये सरकारने कायद्यातली ती फट बुजवली. हजारो नागरिकांनी सह्या करून विरोध केला, तरीही बुजवली.

त्याच वर्षी, १९ जानेवारी २०१२ला, अमेरिकेने ‘मेगाअपलोड’ हे फाइली ठेवून वाटण्याचे संकेतस्थळ बंद केले. आरोपपत्रानुसार त्याचे नोंदणीकृत वापरकर्ते १५ कोटींहून अधिक होते. संस्थापक किम डॉटकॉम याला न्यूझीलंडमध्ये घरावर धाड घालून पकडले. बरोबर एका वर्षाने, १९ जानेवारी २०१३ला, त्याने ‘मेगा’ नावाची नवी सेवा सुरू केली. जगभर बातमी झाली की मेगाअपलोड परत आले. पण परत काय आले? जुन्या सेवेवर लोकांनी ठेवलेल्या फाइलींपैकी एकही तिथे नव्हती. त्यांत चोरलेले चित्रपट होते, तसे लोकांचे स्वतःचे काम, स्वतःचे चित्रीकरण, घरचे फोटोही होते. ज्यांनी कोणाचे काहीही चोरले नव्हते, त्यांच्या फाइलीही सर्व्हरांबरोबर सील झाल्या. पुढे नेदरलँड्समधल्या एका कंपनीने मेगाअपलोडला भाड्याने दिलेल्या ६३० सर्व्हरांवरचा मजकूर पुसूनही टाकला. गाण्यांच्या फाइली वाटणाऱ्या नॅपस्टरचेही असेच झाले. २००१च्या जुलैमध्ये ते बंद पडले, दिवाळखोरीत त्याचे नाव विकले गेले आणि २००३मध्ये त्याच नावाचे, पैसे घेऊन गाणी देणारे दुकान उघडले. उलट, पायरेट बेवर ३१ मे २००६ला स्वीडिश पोलिसांनी धाड घातली तेव्हा ते तीन दिवसांत पूर्ववत झाले, कारण त्याच्याकडे जे होते त्याच्या प्रती आधीच दुसरीकडे होत्या.

म्हणून बंद पडलेली सेवा परत येईल का, या प्रश्नात मला फारसा रस नाही. नाव परत येते, मालक परत येतो. तिथे जे ठेवलेले होते ते आणखी किती हातांत आहे, हे विचारायला हवे.

हा प्रश्न मराठी माणसाला परका नाही. तुकोबांच्या अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडवल्या गेल्या. त्या तेरा दिवसांनी कोरड्या वर आल्या, ही वारकऱ्यांची श्रद्धा आहे आणि तिचा मला आदर आहे. पण संताजी जगनाडे आणि गंगाराम मवाळ हे अभंग लिहून घेत होते, हेही तीच परंपरा आवर्जून सांगते. देहूतल्या वह्या बुडाल्या तरी इतरांच्या दप्तरांत अभंग होते, कीर्तनांत होते, पाठ असलेल्या बायाबापड्यांच्या तोंडी होते. पुढे मुंबई सरकारच्या पैशाने शंकर पांडुरंग पंडित यांच्या देखरेखीखाली १८६९ आणि १८७३ साली गाथेचे दोन भाग छापले गेले, ते देहू, तळेगाव, कडूस, पंढरपूर अशा ठिकाणच्या हस्तलिखितांवरून. नक्कल करणाऱ्यांनी कोणाची परवानगी घेतली होती, असे तेव्हा कुणी विचारले नाही.

आता आपल्या काळातली बंद पडलेली सेवा पाहू. तिची बातमीसुद्धा झाली नाही. या शतकाच्या सुरुवातीला कार्नेगी मेलन विद्यापीठाचे राज रेड्डी आणि बंगळुरूची भारतीय विज्ञान संस्था यांच्या पुढाकाराने ‘डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया’ उभी राहू लागली. ठिकठिकाणच्या ग्रंथालयांतली जुनी पुस्तके स्कॅन झाली, सरकारी खर्चाने लाखो पुस्तके चढली. त्यांत मराठी पुस्तके हजारोंनी होती. स्कॅनिंग अनेकदा वाईट होते, पाने तिरकी, शीर्षके रोमन लिपीत भलतीच लिहिलेली. तरीही शंभर वर्षांपूर्वीची कादंबरी, एखाद्या संस्थानाचा इतिहास, जुने पाकशास्त्र घरबसल्या वाचता येत होते. मग कॉपीराइटचे कारण पुढे आले आणि ते संकेतस्थळ बंद पडले.

ती पुस्तके आज दिसतात याचे श्रेय कार्ल मालामुद या अमेरिकी कार्यकर्त्याला आहे. त्याने चार लाखांहून अधिक पुस्तकांची नक्कल करून सॅन फ्रान्सिस्कोच्या ‘इंटरनेट आर्काइव्ह’वर आधीच ठेवली होती. मराठीतल्या कितीतरी अभ्यासकांचे, प्रबंधांचे, नव्याने निघालेल्या आवृत्त्यांचे काम आज त्या नकलेवर चालते. पण तीही एकाच ठिकाणी आहे आणि ते ठिकाण सुरक्षित नाही. २०१७च्या ऑगस्टमध्ये दोन हिंदी चित्रपटांची चोरी थांबवण्यासाठी निर्मात्यांनी मद्रास उच्च न्यायालयातून आदेश मिळवले. बंद झालेल्या अडीच हजारांहून अधिक संकेतस्थळांत इंटरनेट आर्काइव्हही होते. चित्रपटाच्या तिकीटबारीसाठी ह. ना. आपटे वाचणाऱ्याचे दार बंद झाले. अमेरिकेत चार बड्या प्रकाशकांनी लावलेला दावाही आर्काइव्ह २०२४मध्ये अपिलात हरले आणि त्या वादातली सुमारे पाच लाख पुस्तके त्याला वाचकांपासून दूर करावी लागली.

इथे लेखकाची बाजू मांडलीच पाहिजे, कारण ती माझीही बाजू आहे. मराठी पुस्तकाची आवृत्ती बहुधा हजार प्रतींची, कधी त्याहूनही लहान. नवे पुस्तक आले की पंधरवड्यात त्याची पीडीएफ टेलिग्रामवर फिरते. दिवाळी अंक बाजारात येतात तोच व्हॉट्सअपवर पोहोचतात. ही चोरी आहे. ज्याने चार वर्षे घालून पुस्तक लिहिले आणि ज्या प्रकाशकाने कर्ज काढून ते छापले, त्यांच्या ताटातले ते उचललेले आहे. कोलम्बाचे नाव घेऊन तिचे समर्थन होऊ शकत नाही. पण दुकानात मिळणारे पुस्तक आणि कुठेच न मिळणारे पुस्तक यांत कायदा फारसा फरक करत नाही, आणि माझी तक्रार तिथे आहे. १९६०च्या दशकातली एखादी कादंबरी पुन्हा छापली गेली नाही, प्रकाशन संस्था बंद झाली, वारस कुठे आहेत कुणाला ठाऊक नाही. तिच्यावरचा हक्क जिवंत आहे आणि पुस्तक मेलेले आहे. तिची नक्कल करणाऱ्याने कोणाचे काय घेतले?

हक्काची मुदत ही काही निसर्गाने घातलेली नाही. ड्रमक्लिफच्याच चर्चच्या आवारात कवी डब्ल्यू. बी. येट्स यांची कबर आहे. ते १९३९ साली वारले. तेव्हाच्या पन्नास वर्षांच्या नियमाने १९८९ संपताना त्यांची कविता सर्वांची झाली. १९९५मध्ये युरोपने मुदत सत्तर वर्षांची केली आणि मोकळी झालेली कविता पुन्हा वारसांकडे गेली, ती २००९ संपेपर्यंत. आपल्याकडे रवींद्रनाथांच्या लेखनाची मुदत संपत आली तेव्हा १९९२च्या दुरुस्तीने पन्नासाची साठ वर्षे केली. दिल्ली विद्यापीठाच्या आवारातल्या झेरॉक्सच्या दुकानावर तीन बड्या परदेशी प्रकाशकांनी दावा लावला, तेव्हा २०१६च्या सप्टेंबरमध्ये न्यायमूर्ती राजीव सहाय एंडलॉ यांनी स्वच्छ सांगितले की कॉपीराइट हा दैवी किंवा नैसर्गिक हक्क नव्हे, कायद्याने दिलेला हक्क आहे. आणि शिकवण्याच्या ओघात केलेल्या नकला त्या कायद्याला मान्य आहेत. डिअर्मॅटच्या निवाड्यानंतर इतक्या शतकांनी कुणीतरी गोठ्याचा दाखला बाजूला ठेवला, याचा मला आनंद झाला.

कोलम्बाने केलेली नक्कल म्हणून पूजली गेलेली पोथी आजही आहे. तिच्या हस्ताक्षरावरून अभ्यासक ती सहाव्या शतकाच्या अखेरची किंवा सातव्याच्या आरंभीची ठरवतात. अकराव्या शतकात तिच्यासाठी मढवलेली पेटी घडवली गेली. ओ'डॉनेल घराणे लढाईपूर्वी सैन्याभोवती तिला तीन प्रदक्षिणा घडवत असे. अठ्ठावन्न पाने उरली आहेत. ती डब्लिनच्या रॉयल आयरिश अकादमीत आहेत आणि त्यांची छायाचित्रे पुण्यातून किंवा परभणीतून कुणालाही फुकट पाहता येतात. ज्या मूळ पोथीवरून गुरू-शिष्य राजदरबारात गेले, तिचा मात्र मागमूस नाही.

आपल्याला काय करता येईल, ते कायद्यात आजही आहे. लेखक हयात नाही किंवा सापडत नाही अशा कृतीसाठी सक्तीचा परवाना मागण्याची तरतूद कॉपीराइट कायद्याच्या कलम ३१ अ मध्ये आहे. मराठी विद्यापीठांनी, साहित्य संस्थांनी, राज्य सरकारच्या भाषा विभागाने तिचा वापर करून दुर्मीळ पुस्तके एकगठ्ठा का सोडवू नयेत? आणि सोडवल्यावर ती मुंबईच्या एका सर्व्हरवर न ठेवता नागपूर, छत्रपती संभाजीनगर, कोल्हापूर, बेळगावच्या ग्रंथालयांना प्रत्येकी एक प्रत का देऊ नये? आचार्य अत्रे १९६९ साली गेले, म्हणजे १ जानेवारी २०३० रोजी त्यांचे लेखन सर्वांचे होईल. त्यांची ‘नवयुग’ आणि ‘मराठा’ ही पत्रे वृत्तपत्री कागदावर छापलेली होती आणि तो कागद घडीवर तुटतो. वारसांना विचारून त्या अंकांची नक्कल करायचे काम याच वर्षी हाती घ्यायला हवे.