देव झिजतो काय?

परवा कोल्हापुरात कीर्तन आटोपल्यावर एक आजी म्हणाल्या, "बुवा, अंबाबाईच्या मूळ मूर्तीवर आता अभिषेक होत नाही. मग आमची सेवा आईला पोचायची कशी?" प्रश्न साधा, पण मला रात्रभर सोडीना.

मूर्ती पाषाणाची. परचक्राच्या काळात ती पुजाऱ्याच्या घरी लपविली होती. १७१५ साली करवीरकर संभाजी महाराजांनी ती पुन्हा देवळात बसविली. पुढे दुधादह्याच्या अभिषेकाने झीज होत गेली. १९५५ साली वज्रलेप झाला, २०१५ साली पुरातत्त्व खात्याने रासायनिक संवर्धन केले. म्हणजे शत्रूपासून वाचविलेली मूर्ती भक्तांच्याच हातांनी झिजली!

शास्त्रकार हे जाणून होते. जीर्णोद्धारापूर्वी कलाकर्षण करून मूर्तीतले चैतन्य कलशात घ्यावे, असा विधी त्यांनी घालून दिला. दगड झिजणार, हे धरूनच ना?

पण म्हणून 'दगडात काय आहे?' असे वेदान्ताच्या तोऱ्यात आजींना सांगू का? पंढरीला आपण डोके ठेवतो ते विठोबाच्या पायांवरच. तेही झिजले; २०२० साली तिथेही वज्रलेप झाला. तो स्पर्श सोडा म्हटले, तर माझाच जीव कासावीस होतो.

मी म्हणालो, "आजी, घरातली म्हातारी थकली, तर तिला रोज न्हाऊ घालायचा हट्ट धरता का? जवळ बसता ना? उत्सवमूर्तीवरचा अभिषेक आईलाच पोचतो."

"पटतंय बुवा. पण हात शिवशिवतात त्याचं काय?"

माझेही शिवशिवतात. गप्प बसलो.