हुकूम कुणासाठी होता?

कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणातला संरक्षण आदेश म्हणजे दोन-चार पानांचा कागद. जिच्यासाठी तो निघतो ती बाई त्याची सही-शिक्क्याची नक्कल प्लास्टिकच्या पिशवीत, रेशनकार्डाशेजारी जपून ठेवते. एके संध्याकाळी नवरा दारात येतो, गल्ली ऐकेल अशा शिव्या देतो आणि निघून जातो. पिशवी घेऊन ती पोलीस ठाणं गाठते. तिथे विचारतात, ‘मारलं का?’ मारलेलं नसतं. म्हणजे काही घडलेलंच नसतं.

2005 च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याचं कलम 31 वेगळं सांगतं. आदेश मोडणं हाच गुन्हा; एक वर्षापर्यंत कैद, 20,000 रुपयांपर्यंत दंड. मेख त्या ‘पर्यंत’मध्ये आहे. दंड भरून सुटका की कैद, आणि कैद तर किती दिवस, याचं मोजमाप न्यायदंडाधिकाऱ्यांना कुणी लिहून दिलेलं नाही. शिक्षेबाबत मार्गदर्शक तत्त्वं हवीत, असं फौजदारी न्यायव्यवस्थेवरच्या मलिमठ समितीने 2003 मध्ये म्हटलं, माधव मेनन समितीने 2008 मध्ये. पुढे काही झालं नाही.

सर्वोच्च न्यायालयातही तीच तऱ्हा. न्यायालयाच्या अवमानासाठी 1971 चा कायदा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद आणि 2,000 रुपयांपर्यंत दंड सांगतो. अयोध्येत बांधकाम होऊ देणार नाही ही हमी मोडल्याबद्दल 1994 मध्ये उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याण सिंह यांना एक दिवस कैद आणि 2,000 रुपये दंड झाला. आदेश डावलून चार कोटी डॉलर मुलांकडे वळवणाऱ्या उद्योगपती विजय मल्ल्यांना 2022 मध्ये चार महिने, आणि दंड पुन्हा 2,000. (शिक्षा दिल्लीत झाली, आरोपी विलायतेत.) दोन्ही निकालांत कारणं आहेत, पण मोजायची पट्टी एक नाही. शिवाय कायद्यातच माफीची वाट आहे. न्यायालयाचं समाधान झालं की शिक्षा माफ होऊ शकते. माफी मागायची ती न्यायालयाची. हुकूम मोडल्यामुळे ज्याचं नुकसान झालं, तो कोर्टाच्या मागच्या बाकावर बसून ऐकतो.

मल्ल्या जिथे जाऊन राहिले, त्या इंग्लंडमध्ये 1 ऑक्टोबर 2018 पासून आदेशभंगाच्या शिक्षेची तत्त्वं लागू आहेत. तिथे दोनच गोष्टी आधी बघतात : आदेश किती जाणूनबुजून मोडला, आणि समोरच्याला त्याचा किती त्रास झाला. संरक्षण आदेश वारंवार मोडून अतिशय गंभीर त्रास दिला असेल, तर हिशेब दोन वर्षांच्या कैदेपासून सुरू होतो. आदेशाची शाई वाळायच्या आत तो मोडला, किंवा मुलाला भेटायच्या सवलतीचा त्यासाठी वापर केला, तर शिक्षा वाढते. न्यायालयाचा मान हा तिथे हिशेबाचा आरंभ नाही.

शिक्षेच्या अशा कोष्टकाने न्यायाधीश कारकून होईल, अशी भीती वकील मंडळी घालतात. ती मला पटत नाही. कोष्टक बाजूला ठेवायची मुभा तिथल्याही न्यायाधीशांना आहे, फक्त कारण द्यावं लागतं. कारण न देता मिळणाऱ्या मोकळिकीला विवेक म्हणायचं का?

आपल्याकडे नवी समिती केव्हा नेमली जाईल ते जाईल. तोवर कलम 31 च्या प्रत्येक निकालात दोन ओळी लिहिल्या जाव्यात : हुकूम कसा मोडला, आणि त्या बाईवर त्याचा काय परिणाम झाला. त्यासाठी कायदा बदलावा लागत नाही.