‘थोल’: सोसण्याची सीमा

स्कॉटलंडच्या बोलींत ‘थोल’ असें एक जुनें क्रियापद आहे. सोसणें, निभावून नेणें हा त्याचा अर्थ. थंडी, दारिद्र्य, दुखणें, त्रासदायक शेजारी, सर्वांनाच तें लागू पडतें. जुन्या इंग्रजींतहि तें होतें. प्रमाण इंग्रजीनें तें टाकलें, स्कॉटलंड व अल्स्टर येथील लोकांनीं जपलें. भाषाशास्त्रज्ञ त्याचें नातें आपल्या ‘तुला’ व ‘तोलणें’ या शब्दांशीं जोडतात. भार उचलून धरणें हा सर्वांचा मूळ अर्थ.

परंतु आम्हांस विशेष विचारार्ह वाटतो तो त्याचा न्यायालयांतील उपयोग. ज्याचा खटला चालून निकाल लागला, त्यानें आपली चौकशी ‘थोलली’, असें स्कॉटिश कायदा म्हणतो. त्याच आरोपाखालीं त्याला पुन्हां उभें करतां येत नाहीं. २०११ च्या कायद्यानें सबळ नवा पुरावा, मागाहून दिलेली कबुली असे कांहीं अपवाद घातले. मूळ नियम मात्र कायम राहिला.

सहनशीलतेची थोरवी गाणारे पुष्कळ. ती कोठवर, हें सांगणारे थोडे. ‘सोसा’ म्हणून उपदेश करणारा बहुधा स्वतः सोसणारा नसतो. त्या न्यायालयीन ‘थोल’मध्यें मात्र सोसणाराचा हक्कहि सामावलेला आहे: एकदां सोसलें तें संपलें. ज्या सोसण्याला शेवटच नाहीं, त्याला सद्गुण म्हणणें ही, आमच्या मतें, सोसावयास लावणाराची केवळ सोय होय.