सही एकाची, कोयता दोघांचा

दसरा झाला की मोहटादेवीच्या वाटेवरची गर्दी ओसरते आणि पाथर्डी तालुक्यातून ऊसतोडीच्या गाड्या भरायला लागतात. आत्याच्या धाकट्यानं आषाढातच मुकादमाकडून लाखाची उचल घेतली होती. ती मामांच्या ऑपरेशनला गेली. आता सून म्हणते, मी येत नाही. पोरगी पहिलीत बसलीय. तिला फडावरच्या कोपीत नेणार नाही आणि इथं टाकूनही जाणार नाही. मुकादमाच्या वहीत कोयता लागतो तो मात्र नवरा-बायकोचा मिळून. सुनेनं कुठंही सही केलेली नाही, पण तिच्यावाचून उचल फिटत नाही.

आत्यानं मला बोलावलं, कारण मी कॉलेजात इतिहास शिकवतो आणि घरात कुणाचं अडलं की शिकलेला माणूस लागतो.

“कायद्यानं विचारशील,” मी म्हणालो, “तर 1976 सालीच वेठबिगारी संपली. माणसाला बांधून घालणारं कर्जसुद्धा रद्द.”

“मग मुकादम आला की तुझा कायदा ओट्यावर बसव. पैसे घेतले ना आपण? तुझे मामा उठून बसले ते त्याच पैशानं. घेताना गोड आणि देताना कायदा, हे मला पटत नाही.”

इथं ती बरोबर होती. कायदा सावकारीला उत्तर देतो. दिलेल्या शब्दाचं काय करायचं, ते सांगत नाही.

“शब्द कुणी दिला?”

“पोरानं.”

“कोयता कुणाचा?”

“दोघांचा. मग? मला तरी कुणी विचारलं होतं? माझ्या सासऱ्यानं उचल घेतली आणि सांगितलं, बोचकं बांध. पहाटे चारला उसाच्या थळात. पोटात थोरला होता तरी डोक्यावर मोळी होती.”

मग मी तिला वेस्ट इंडीजचं सांगितलं. आपल्याला ती बेटं ठाऊक आहेत क्रिकेटमुळे, पण क्रिकेटच्या आधी तिथं ऊस होता आणि उसासाठी आफ्रिकेतून धरून आणलेले गुलाम. 1 ऑगस्ट 1834 रोजी इंग्रजांनी गुलामी बंद केली आणि 2 कोटी पौंडांची भरपाई दिली.

“बरं केलं. गुलामांना?”

“मालकांना.”

आत्या हसली नाही. ‘बरं’ एवढंच म्हणाली.

“आणि सुटलेल्यांना आणखी काही वर्षं त्याच मळ्यात उमेदवार म्हणून आठवड्याचे बरेचसे तास फुकट राबायला लावलं. ते संपलं 1838 मध्ये. त्यानंतर मळेवाल्यांनी झोपड्यांना भाडं लावलं. कामावर आलास तर राहा, नाहीतर झोपडी सोड.”

“म्हणजे उचलच की. पैशाच्या जागी झोपडी.”

“तसंच. पण तेव्हा एक गोष्ट घडली. बायका मळ्यातून निघाल्या. सगळ्या नाही, पण पुष्कळ. पोरांनाही काढून घेतलं. स्वतःच्या तुकड्यात कंद लावायचे, बाजारात विकायचे, घर बघायचं. मालक ओरडत राहिले, की हे लोक आळशी झाले.”

“आळशी!” आत्या आता सावरून बसली. “घरी राहिलेली बाई आळशी, हे कुठल्याही देशात म्हणतात वाटतं.”

“आता सांग, त्या बायकांनी शब्द मोडला का?”

“त्यांनी उचल घेतली नव्हती. तू दोन्ही एकात घालू नकोस.”

पुन्हा बरोबर. मी वेगळ्या बाजूनं गेलो. एकच कायदा, एकच तारीख, तरी सगळीकडे सुटका सारखी झाली नाही. जमैकात डोंगर होते, मोकळी जमीन होती. मिशनऱ्यांच्या मदतीनं लोकांनी वस्त्या वसवल्या, स्लिगोव्हिल त्यातलंच. गयानात 1839 मध्ये 83 जणांनी पैसे गोळा करून एक पडका मळाच विकत घेतला आणि त्याचं नाव व्हिक्टोरिया ठेवलं. बार्बाडोसला मात्र बेटभर ऊस. पाय ठेवायला जागा नाही, म्हणून तिथले सुटलेले लोक बहुतेक मालकाच्याच दारात राहिले. नाही म्हणायचा हक्क सगळ्यांना मिळाला होता. नाही म्हणून उभं राहायला जागा थोड्यांनाच मिळाली.

“आपल्याला आहे की दोन एकर,” आत्या म्हणाली आणि स्वतःच पुढं बोलली, “गर्भगिरीच्या पायथ्याला. पाऊस झाला तर बाजरी. नाहीतर दगड.”

याच जिल्ह्यात उत्तरेला भंडारदऱ्याचं पाणी आलं, प्रवरेचे कालवे झाले, 1950 च्या सुमारास प्रवरानगरला सहकारी कारखाना उभा राहिला. दक्षिणेला पाथर्डी कोरडी राहिली. आमची सगळीच माणसं परमुलखात जात नाहीत. काही जिल्ह्याच्याच एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला जातात. मला हे नेहमी जास्त बोचतं.

मी कागदावर हिशेब मांडला. 2024 मध्ये तोडणीचा दर वाढून टनाला 367 रुपयांच्या आसपास गेला. जोडीनं दिवसाला दोन टन तोडला तर 734. लाख फिटायला सुमारे 136 दिवस, तेही एक दिवस खाडा न धरता आणि तोंडात घास न घालता. बाजारखर्चाला मुकादम पुन्हा पैसे देतो, तेही वहीतच चढतात. उसाचे वाढे विकून मिळतं ते मिठामिरचीला. हंगाम संपून पट्टा पडतो तेव्हा फिरलेली बाकी पुढल्या वर्षाची उचल होते.

“हे मला कागदावर दाखवतोस होय?” आत्या म्हणाली. “मी हे जगलेय.”

“मग सुनेला पाठवायचं?”

ती गप्प बसली नाही, तिनं उलटा प्रश्न टाकला. “ती थांबली तर तिच्या जागी कोण जाईल? कुणाची तरी सून जाईलच ना. नंदुरबारकडची, नाहीतर आणखी कुठली. आपली सुटली म्हणून ती अडकली, हे तुझ्या इतिहासात बसतं का?”

बसतं, आणि वाईट बसतं. सुटलेल्यांनी मळा सोडला, म्हणून 1838 पासून गयानाला, 1845 पासून त्रिनिदादला करारानं बांधलेले मजूर, गिरमिटिये नेले, ते हिंदुस्थानातूनच. मॉरिशसलाही गुलामी संपली ती 1835 मध्ये, आणि पुढं तिथल्या उसात मराठी माणसंही पोचली. हे सांगून मी म्हणालो, “एकाची सुटका दुसऱ्याच्या गळ्यात पडली.”

“पडली नाही, घातली,” आत्या म्हणाली. “जहाज कुणी आणलं? सुटलेल्या बाईनं? तिनं फक्त आपल्या पोराला जवळ घेतलं. नंदुरबारला गाडी मुकादम नेईल, कारखान्याच्या पैशानं नेईल. ते पाप माझ्या सुनेच्या पदरात टाकू नकोस.”

मला हे पटलं, पूर्ण नाही. नेणारा दोषी, खरं. पण आपण सुटून गप्प बसलो तर गाडी भरतच राहते. मी तसं म्हणालो.

“गप्प कोण बसतंय? आधी देणं बघू, मग ओरडू. नाही म्हणणारानं देणं फेडलेलं असलं की आवाज चढतो.” ती हिशेबाला लागली. “मुकादमाला म्हणावं, अर्धा कोयता लिही. पोरगा एकटा जाईल, चुलतभावाच्या जोडीला. अर्धी उचल आपण परत करतो.”

“कुठून?”

“माझ्या भिशीतून. कार्तिकात नंबर आहे.”

त्रिनिदादमध्ये याच पद्धतीला सुसू म्हणतात, जमैकात पार्टनर. दरमहा सगळ्यांनी टाकायचं, एकेकानं पाळीपाळीनं उचलायचं. आफ्रिकेतून आलेल्यांनी ती रीत टिकवली. आत्याला हे आवडलं.

“किती बसेल भिशीत?”

“तीस. वीस कमी पडतात. शेळ्या आहेत, त्या विकायच्या की नाही ते सुनेला विचार. तिच्या आहेत त्या.”

“आणि मुकादम नाहीच म्हणाला तर?”

“म्हणेल. तू चल बरोबर, आणि तो 1976 चा कागद तेवढा छापून आण.”