वस्ताद पाटील ते आजोबा

चि. सानिका,



मालिकेत तुला नायिकेच्या शेजारणीचं काम मिळालं, पण वाक्यं जेमतेम दहा-बारा. अशा कामांवर आयुष्य काढायचं का आणि त्यासाठी नोकरी सोडायची का, असं तू विचारतेस. मला लगेच रवी पटवर्धन आठवले.

नावावरून तुझ्या मैत्रिणींना चेहरा आठवणार नाही. पण ‘अग्गंबाई सासूबाई’तले आजोबा म्हण, नातवाला ‘कोंबडीच्या’ म्हणून दटावणारे, सगळ्या ओळखतील. ती मालिका 2019ची, तेव्हा त्यांनी ऐंशी ओलांडली होती. आमच्या पिढीला ते फार आधीपासून ठाऊक. दूरदर्शनच्या ‘आमची माती आमची माणसं’मधल्या ‘गप्पागोष्टी’त ते वस्ताद पाटील असायचे. आमच्या घरी वीतभर शेती नव्हती, तरी पाटलांसाठी आम्ही तो कार्यक्रम बघायचो.

पोटापाण्याला रिझर्व्ह बँकेतली नोकरी आणि तिच्या जोडीनं नाटक-सिनेमा. ‘उंबरठा’, ‘अंकुश’, ‘तेजाब’ या सगळ्यांत ते आहेत. झुबकेदार मिशा आणि भरदार आवाज, त्यामुळे पाटील, पोलीस अधिकारी, न्यायाधीश अशाच भूमिका वाट्याला यायच्या. सिनेमानं त्यांचा पुरता उपयोग करून घेतला नाही, असं मला मनापासून वाटतं.

तो उपयोग रंगभूमीनं केला. रत्नाकर मतकरींच्या ‘आरण्यक’मध्ये ते धृतराष्ट्र होते. युद्ध संपलंय, शंभर पुत्र गेलेत आणि म्हातारा राजा वनात आलाय. आंधळ्याच्या भूमिकेत नटाला नजरेचा आधार नसतो. समोरचा बोलू लागला की मान किती वळवायची, हात कुठे थांबवायचा, याचा हिशेब ठेवावा लागतो आणि बाकी सगळा भार आवाजावर. हे नाटक 1974मध्ये आलं. चाळीसहून अधिक वर्षांनी मतकरींनी ते पुन्हा उभं केलं, तेव्हाही धृतराष्ट्र पटवर्धनच होते आणि विदुर पूर्वीचेच दिलीप प्रभावळकर. ऐंशीच्या घरात तेवढं पाठांतर आणि तेवढा दमसास! तालमीची सवय कधी सुटलीच नसेल, तरच हे जमतं.

2020च्या टाळेबंदीनंतर चित्रीकरण सुरू झालं, तेव्हा 65 वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर मज्जाव होता. मुंबई उच्च न्यायालयानं ऑगस्टमध्ये तो नियम रद्द केला. पोटावर पाय देणारा नियम होता तो. मला फार लागला होता. त्याच डिसेंबरात, वयाच्या 83व्या वर्षी पटवर्धन ठाण्यात गेले. पुढे आजोबांची भूमिका मोहन जोशींनी केली.

तेव्हा शेजारणीचं काम घे. नोकरी मात्र इतक्यात सोडू नकोस. आणि आजोबांचा एखादा भाग आवाज बंद करून बघ. दुसरे बोलत असताना ते काय करतात, तेवढंच टिपून मला लिही.

तुझी,
आत्या