पावणेतीनची वजाबाकी

दुपारी पावणेतीनला सुरू झालेला सिनेमा पाच वाजून वीस मिनिटांनी सुटला, तर चालला किती वेळ? हिशेब सगळे तोंडीच करतात. तीन वाजायला पंधरा मिनिटं, तीन ते पाच दोन तास, वर वीस मिनिटं. म्हणजे दोन तास पस्तीस मिनिटं. हाच प्रश्न सहावीच्या वहीत ५ १/३ वजा २ ३/४ असा उतरला की मुलांचे चेहरे पडतात.

वहीतली रीत ठरलेली. आधी अंशाधिक अपूर्णांक करा: १६/३ आणि ११/४. मग छेद समान करा: ६४/१२ वजा ३३/१२. उरले ३१/१२, म्हणजे २ ७/१२. (उत्तरात सातबारा निघाला, पण तलाठ्याशी संबंध नाही.) रीत चोख आहे. मात्र चौसष्टातून तेहतीस वजा करताना मूळ संख्या पाच आणि तीनच्या आसपास होत्या, उत्तर अडीचच्या जवळ यायला हवं, हे भान वाटेत सुटतं. मग कुणी पाचातून दोन काढतो आणि १/३ मधून ३/४ जात नाहीत म्हणून उलट ३/४ मधून १/३ काढून ३ ५/१२ लिहितो. कुणी हातचा घेतो, पण सवयीने दहाचा.

इथे हातचा बाराचा असतो.

सोनाराला हे शिकवावं लागत नसे. तोळ्याचे मासे बारा. तिसरा हिस्सा चार मासे, पाऊण तोळा नऊ मासे. पाच तोळे चार माशांतून दोन तोळे नऊ मासे काढायचे, तर एक तोळा मोडायचा. चाराचे सोळा मासे झाले, नऊ गेले, सात उरले. दोन तोळे सात मासे. समच्छेद करणं म्हणजे दोघांना पुरेल असं बारकं माप शोधणं, एवढंच.

मराठी भाषेच्या पोटातच ही वजाबाकी आहे. सव्वा म्हणजे सपाद, पावासह. पाऊण म्हणजे पादोन, पावाने उणा. पावणेतीन म्हणताना आपण तीनमधून पाव वजा केलेलाच असतो. भास्कराचार्यांनी ११५० च्या ‘लीलावती’त या दोन घडणींना वेगळी नावं दिली: अपूर्णांक जोडलेला तो भागानुबंध, काढून घेतलेला तो भागापवाह. तिथलं उदाहरणही पावासह दोन आणि पावाने उणे तीन यांचंच आहे. म्हणजे आपले सव्वादोन आणि पावणेतीन. उत्तरं ९/४ आणि ११/४. शाळेने भागानुबंध ठेवला आणि भागापवाह बोलण्यावर सोडला, हे काही बरं झालं नाही. ‘दोन पूर्णांक तीन चतुर्थांश’ म्हणणाऱ्या मुलाला ‘तीनला पाव कमी’ हे दिसलं, तर ५ १/३ मधून सरळ तीन काढून पाव परत देता येतो: २ १/३ अधिक १/४. हातचा लागतच नाही.

माप निवडताना काय गमावतो, तेही पाहण्यासारखं आहे. १ एप्रिल १९५७ पर्यंत रुपयाचे सोळा आणे, आण्याच्या बारा पै. एकूण १९२ पै. सोळाला तिनाने भाग जात नाही, १९२ ला जातो. शंभर रुपये तिघांत वाटले, तर प्रत्येकाला तेहतीस रुपये पाच आणे चार पै, काटेकोर. नव्या शंभर पैशांच्या रुपयात तेहतीस रुपये तेहतीस पैसे देऊन झाल्यावर एक पैसा टेबलावर उरतो.